तीन बोटं उंच पलंग

लग्नाला चार महिने झाले तरी नवराबायको एका अंथरुणावर झोपले नव्हते. भांडण नव्हतं, आजारपण नव्हतं, कुणी परगावी नव्हतं. कारण एकच होतं, आई. आई खालच्या मजल्यावर राहायची, वरच्या घराची किल्ली तिच्या कमरेला असायची, आणि रोज नऊच्या ठोक्याला ती वर येऊन लेकीला उचलून खाटेवर झोपवायची. खाट एका भिंतीला, जावयाची गादी समोरच्या भिंतीला आणि मधे चाकांची खुर्ची. आई दिवा मालवून खाली गेली की दोघं अंधारात एकमेकांशी बोलायचे, आणि बोलून बोलून झोपायचे.

लेक चौतीस वर्षांची होती. नऊ वर्षांची असताना एका तापानं तिच्या दोन्ही पायांतला जोर गेला आणि उजवा खांदाही थोडा दुबळा झाला. जोर गेला, जाणीव गेली नव्हती. पायाला डास चावला तर तिला कळायचं आणि कुणी मायेनं हात फिरवला तरी कळायचं. पण हा फरक डॉक्टरांपासून शेजारणीपर्यंत कुणाच्या डोक्यात शिरत नसे. पाय लुळे म्हटले की कमरेखालचा सगळा मुलूखच लोक नकाशावरून पुसून टाकत. लग्नाआधी डॉक्टरांना विचारायला गेले, तर डॉक्टर तिच्याकडे न बघता आईला म्हणाले, "हरकत नाही, करा. सोबत होईल हिला." मग ज्याला त्याला सोबतच दिसायला लागली. जणू ती नवरा करत नव्हती, भाडेकरू ठेवत होती.

ती पाणीपुरवठ्याच्या कचेरीत तक्रारींच्या फोनवर होती. अकरा वर्षं. अख्खं शहर तिला "तक्रारवाल्या ताई" म्हणायचं, म्हणून आपणही ताईच म्हणू. ताईचं काम नाजूक होतं. फोन करणारा माणूस कधी मुद्द्यावर येत नाही. तो आधी शेजाऱ्याची उखाळीपाखाळी काढतो, मग सरकारची, मग स्वतःच्या सुनेची. ताई शांतपणे ऐकायची आणि बरोबर जागी विचारायची, "नळाला पाणी येतंय की नाही, तेवढं सांगा." माणूस मग खरं बोलायचा.

अशाच एका फोनवर तिला कुशनवाला भेटला. त्याचं सोफे-खुर्च्या शिवायचं दुकान होतं, आणि वरच्या मजल्यावरचा पाइप फुटून त्याचा कापूस भिजला होता. त्यानं अकरा दिवस फोन केला. बाराव्या दिवशी पाइप दुरुस्त झाला, तरी फोन आलाच.

"आता काय तक्रार?" ताईनं विचारलं.

"काही नाही. गळती थांबली, तेवढं सांगायला केला."

थांबलेल्या गळतीचं सांगायला फोन करणारा माणूस इतक्या वर्षांत पहिल्यांदाच भेटला होता. पुढे वर्षभर तो गळती थांबल्याचं सांगत राहिला. मग ती दुकानात जायला लागली. दुकानाला मागच्या बाजूला पडदा होता आणि पडद्यामागे एक अर्धवट शिवलेला, बसका सोफा. त्या सोफ्याबद्दल जास्त खोलात शिरायला नको. एवढंच सांगतो की लग्नाआधी त्या दोघांना जेवढं जमलं, तेवढंही लग्नानंतर जमेना. लोकांचं लग्न झालं की संसार सुरू होतो, यांचं ब्रह्मचर्य सुरू झालं.

त्यात भर म्हणजे गल्लीतल्या सगळ्यांनी कुशनवाल्याला देवमाणूस ठरवून टाकलं. "केवढं मन मोठं!" भाजी घेताना ऐकावं लागायचं. "आजकाल कोण करतं असं?" जिन्यात ऐकावं लागायचं. तो घरी येऊन चिडायचा. "मी काय केलं गं? मला आवडलीस, लग्न केलं. देवमाणूस म्हणजे शिवीच झाली ही. देवमाणसाला काही हवंसं वाटतं, असं कुणाला वाटतच नाही." ताई हसायची, पण तो शब्द तिलाही टोचायचा. तो देवमाणूस, म्हणजे ती काय? दानात दिलेलं काहीतरी?

आईचं रोज रात्री वर येणं सुरू झालं ते एका धडपडीमुळे. लग्नाच्या तिसऱ्या दिवशी कुशनवाल्यानं बायकोला खुर्चीतून उचललं. तीन माणसं बसतील असे सोफे तो एकटा जिन्यावरून उतरवायचा, पण सोफा मान मागे टाकून हसत नाही. ती हसली, तोही हसला, तिचं पाऊल खुर्चीच्या पायठेवणीत अडकलं आणि दोघं जमिनीवर आले. खाली पडूनही हसतच होते. सकाळी आईनं लेकीच्या कमरेवरचं काळंनिळं बघितलं आणि तिचा चेहराच उतरला. "तुम्हाला जमायचं नाही," ती जावयाला म्हणाली. रागानं नाही, अगदी समजुतीनं. "पंचवीस वर्षं उचलतेय मी. माझ्या हाताला सवय आहे. तुम्ही काळजी करू नका."

त्याच दिवशी तिनं खालची कठड्याची, एकाच माणसापुरती खाट वर आणवली. आणि कुशनवाल्यानं हूं की चूं केलं नाही, कारण तो घाबरला होता. त्यानंतर बायकोला उचलायचं नाव काढलं की त्याचे हात कापायचे.

आता तुम्ही म्हणाल, दिवसाला शंभर लोकांना तोंड देणारी बाई, तिनं आईला सरळ सांगायचं, येऊ नकोस म्हणून. सांगायला ती रोज ठरवायची. नऊ वाजता किल्ली वाजली की ठरवलेलं राहून जायचं. आई वाकायची, एक हात गुडघ्यांखाली, एक पाठीमागे, "एक, दोन आणि हं!" म्हणायची. तिच्या पाठीचे मणके कटकट वाजायचे आणि ताई अलगद खाटेवर. बासष्ट वर्षांची बाई. या हातांना "नको" कसं म्हणायचं? आणि म्हणायचं तरी काय? आई, मला नवऱ्याजवळ झोपायचंय? जी आई तिला चौतिसाव्या वर्षीही "छकुली" म्हणून पांघरूण घालायची, तिला? ताई पांघरूण हनुवटीपर्यंत ओढायची. तिचं वय पांघरुणाखाली नऊ वर्षांचं व्हायचं, आणि समोरच्या भिंतीला नवरा छताकडे बघत पडलेला असायचा.

शेवटी मार्ग सापडला तो व्यायाम शिकवणाऱ्या बाईंकडे. या बाई आईशी नाही, ताईशीच बोलायच्या. त्यांनी आईला बाहेर बसवलं आणि विचारलं, "झोपायचं कसं जमतं तुमचं?"

ताईनं सगळं सांगितलं. बाईंना ना हसू आलं ना कीव. त्यांनी कपाटातून एक गुळगुळीत, लांबट फळी काढून तिच्या हातात ठेवली. "खुर्ची पलंगाला लावायची, ही फळी मधे टाकायची, आणि बसल्या बसल्या सरकत जायचं. उचलायचं कुणी नाही. फक्त पलंग खुर्चीच्या उंचीचा हवा."

ताईनं घरी येऊन नवऱ्याला सांगितलं तेव्हा त्यानं आधी तिच्या खुर्चीभोवती एक चक्कर मारली. मग म्हणाला, "पलंग मी करतो."

महिनाभर तो दुकान बंद झाल्यावर पलंगाच्या मागे लागला. लाकूड निवडलं, खूर कापले, गादी स्वतः भरली. दोघांची गादी. आईला सांगितलं, जुनी गादी सारखी टोचते म्हणून नवीन करतोय. आणि या सगळ्यात त्यानं एक चूक केली, जी त्याच्या धंद्यातल्या कुणी शिकाऊ पोरानंही केली नसती. त्याच्या दुकानात नियमच होता, गिऱ्हाइकाला बसवल्याशिवाय माप घ्यायचं नाही. रिकामी खुर्ची खोटं बोलते, असं तो म्हणायचा. पण घरच्या खुर्चीचं माप घ्यायचं तर बायकोला म्हणावं लागलं असतं, बस, तुझी उंची घेतो. आणि त्याला लाज वाटली. लग्नाच्या बायकोची, पलंगासाठी माप घ्यायची लाज! म्हणून ती खाटेवर असताना त्यानं चोरासारखं रिकाम्या खुर्चीचं माप घेतलं. ती बसली की खुर्चीची गादी किती दबते, हे तो साफ विसरला.

पलंग एका शनिवारी संध्याकाळी आला. त्या रात्री आईनं त्याच्यावर झोपवायचं म्हटलं तर ताई म्हणाली, "पॉलिशचा वास येतोय गं, उद्या बघू." उद्या रविवार होता. रविवारी दुपारी आई मैत्रिणीकडे जायची आणि चारला परत येऊन लेकीची पाठ टेकवायची. तीन वाजता दोघांनी दार लावलं.

कुशनवाल्यानं खुर्ची पलंगाला भिडवली, चाकं अडकवली, खुर्चीचा पलंगाकडचा हात काढून ठेवला आणि फळी टाकली. फळी टाकल्याबरोबर त्याचा चेहरा पडला. फळी पलंगाकडे वर चढत होती. पलंग तीन बोटं उंच झाला होता.

"मी माप रिकाम्या खुर्चीचं घेतलं," तो कपाळाला हात लावून म्हणाला. "गाढव आहे मी."

"तीन बोटंच ना? चढते मी."

तीन बोटं म्हणजे काही डोंगर नव्हे. पण ज्याला सगळं अंग एका खांद्यावर ओढायचं आहे, त्याला विचारून बघा. ताईनं डाव्या हातानं पलंगाचा उशाकडचा दांडा धरला, सरकली, अजून थोडी सरकली आणि बरोबर मध्यावर अडकली. अर्धी फळीवर, अर्धी कुठेच नाही. पुढे जाईना. मागे जायचं तर सोपं होतं, हात सोडला असता तर घसरत आपोआप खुर्चीत आली असती. पण ती हात सोडेना. केस तोंडावर आले, घामानं गाऊन पाठीला चिकटला.

"आज राहू दे," तो काकुळतीनं म्हणाला. "मी आज करवतीनं पलंगाचे खूर कापतो. पुढच्या रविवारी बघू."

"पुढच्या रविवारी नाही."

"पडशील गं."

"मग पडू दे. पण मला मागे जायचं नाहीय. तू हात लाव."

त्यानं हात पुढे केले. ते तिच्यापाशी पोचायच्या आत दारात किल्ली फिरली. मैत्रीण घरी नव्हती, म्हणून आई वीस मिनिटं लवकर आली होती.

"अगं बाई! पडतेय ती!" आई चपला न काढता धावली. जावयाला बाजूला सारून तिनं वाकून लेकीच्या गुडघ्यांखाली हात घातलासुद्धा. "एक, दोन..."

"आई, हात काढ."

आईला वाटलं, कुठे दुखलं. "कुठे लागलं?"

"कुठे नाही. हात काढ. मला तू चढवू नकोस."

आईनं हात काढले. ताईला रडू येत होतं, आणि तशा अवस्थेत, लोंबकळत, ती म्हणाली, "मला ह्याच्याजवळ झोपायचंय. रोज. बायकोसारखं. तू मला नवऱ्याच्या पलंगावर नेऊन ठेवलंस तर मी तिथेही तुझी छकुलीच राहणार. मला नाही राहायचं तसं. तू रात्री येऊ नकोस."

बोलून झालं आणि तिनं डोळे मिटले. आता आई रडणार, किंवा न बोलता खाली जाणार आणि आठ दिवस जेवणार नाही, हे तिला पक्कं ठाऊक होतं.

आई मागे सरून जुन्या खाटेवर बसली. "चार महिने," ती म्हणाली. "चार महिने तोंडात मिठाची गुळणी धरून बसली होतीस?"

"तुला वाईट वाटलं असतं."

"वाटलं असतं! आता वाटतंय ते कमी आहे का?" मग ती जावयाकडे बघून, जरा खालच्या आवाजात म्हणाली, "मला वाटलं, हे भले आहेत. आज हौसेनं उचलतील, उद्या उचलतील, वर्षभरानं कंबर धरतील. मग वैतागतील. माणूस वैतागतोच. तुझा बाप काही दुष्ट नव्हता, पण तुझा आजार त्याला दोन वर्षं झेपला, मग तो घर सोडून गेला. म्हटलं, ओझं आपलं आपल्याकडे असू द्यावं. ह्यांच्या वाट्याला तू हसरी, बोलकी तेवढी यावीस. म्हणजे हे टिकतील."

ताईनं डोळे उघडले. आईचा हा हिशेब तिला कधी सुचलाच नव्हता.

कुशनवाला कमी बोलणारा माणूस. सासूसमोर तर फारच कमी. तो कानापर्यंत लाल झाला, पण बोलला. "आई, मी पुण्य कमवायला लग्न नाही केलं. मला ही हवी होती. अख्खी, वजनासकट. अर्धी तुमच्याकडे ठेवली तर मी कशाला टिकू?"

आईनं पदर तोंडाला लावला. रडतेय की काय म्हणून दोघं बघताहेत, तर तिचे खांदे हसण्यानं हलत होते. "बोलता येतं की हो तुम्हाला! मला वाटलं, नुसत्या सुया टोचता येतात." तिनं डोळे पुसले. "आणि तू गं, मला कळत नाही असं वाटलं होय? तू काय मला रस्त्यावर सापडलीस? मीही संसार केलाय. पण मला वाटायचं, तुम्हा दोघांत तसलं काही... डॉक्टर सोबत म्हणाले ना."

"डॉक्टरांना काय माहीत!" ताई इतक्या जोरात म्हणाली की फळी हलली.

"बरं बरं. मग आता अशीच लोंबकळत राहणारेस की चढणारेस?"

जावई पुढे झाला. आईनं दोन्ही हात पाठीमागे नेऊन एकमेकांत घट्ट धरले, कारण मोकळे ठेवले असते तर ते आपोआप पुढे गेले असते. "कमरेला नको धरू," ती म्हणाली, आणि जावयाला पहिल्यांदाच अरेतुरे केलंय हे तिच्या लक्षातही आलं नाही. "कमरेला धरलं की ती वळते. काखेतून घाल हात. हं. उजव्या खांद्याला ओढू नकोस, तो दुखरा आहे. आणि मोजायचं तिनं. तुझ्या मोजण्यावर नाही, तिच्या."

"एक," ताई म्हणाली. "दोन."

तीन म्हणेपर्यंत ती पलंगावर होती. गादी नवी, करकरीत, आणि एवढी रुंद की हात पसरला तरी कडा लागेना. पंचवीस वर्षं ती कठड्याच्या खाटेवर झोपली होती.

आई उठली. "सकाळी सातला येते. बेल वाजवीन. किल्ली मात्र माझ्याकडेच राहील, उद्या आग लागली तर काय दार फोडू?" दारातून वळून तिनं पुन्हा एकदा बघितलं, आणि दार ओढून घेतलं.

पुढचं सगळं सुरळीत झालं असं नाही. पडद्यामागच्या सोफ्यावर दोघांना घाई असायची, इथे सगळी दुपार होती, आणि त्या सगळ्या दुपारचं काय करायचं हे दोघांनाही कळेना. तिचे पाय कुठे ठेवायचे हे त्याला विचारावं लागलं आणि तिला सांगावं लागलं. सांगताना आधी ती लाजली, मग तिला त्याची मजा वाटायला लागली. इथे नाही, थोडं वर, हं, असं. त्याचे हात थरथरायचे कधी थांबले ते दोघांच्याही लक्षात आलं नाही. मध्येच फळी धाडकन जमिनीवर पडली. दोघं श्वास रोखून ऐकत राहिले. खालून कुणीही धावत आलं नाही. तेव्हा ताईला जे रडू फुटलं, ते थांबेचना.

"लागलं का?" तो घाबरून उठून बसला.

"नाही रे. सुटल्यासारखं वाटतंय. झोप तू."

तो झोपला. खरोखरच, दिवसाढवळ्या, तिच्या दंडावर डोकं ठेवून घोरायला लागला. दंडाला मुंग्या आल्या तरी तिनं तो हलवला नाही.

सोमवारी ती जागी झाली तेव्हा सव्वासहा झाले होते. रोज या वेळेला ती आईची वाट बघत छत न्याहाळायची. तिनं खुर्चीकडे बघितलं. खुर्ची पलंगाला लागूनच होती, चाकं अडकवलेली, नवऱ्यानं रात्री तशीच ठेवलेली, आणि फळी खुर्चीच्या पाठीला टेकवलेली. ती हाताच्या अंतरावर होती. ताई उठून बसली, पाय एकेक करून हातानं उचलून खाली सोडले, फळी टाकली. रिकाम्या खुर्चीवर फळी सपाट बसली. तिनं उशाकडचा दांडा धरला, आणि थोडं सरकली, तशी तिच्या वजनानं खुर्चीची गादी दबून फळी तिकडे उतरली, मग फार काही करावंच लागलं नाही. उतारानं तिला अलगद खुर्चीत आणून सोडलं. हाताला धरायला कुणी नव्हतं, मोजायला कुणी नव्हतं. पंचवीस वर्षांत ती पहिल्यांदा आपली आपण बिछान्यातून उठली होती. मग तिनं चाकं सोडवली.

सातला बेल वाजली. दार ताईनं उघडलं.

आई तिच्याकडे बघतच राहिली. मग तिच्या मागे, आत. "कुणी उतरवलं? उठले का ते?"

"घोरतोय. मीच उतरले."

"पडली नाहीस?"

"नाही पडले. ये ना आत."

आई आत आली आणि स्वयंपाकघरात नुसती उभी राहिली. रोजच्या या घटकेला तिचे हात कामात असायचे. ताईनं चहा टाकला. पातेलं ओट्याच्या कडेला ओढून, दोन कप मांडून, सावकाश. आई मदतीला आली नाही. खुर्ची ओढून बसली, पाठ टेकली, आणि जरा वेळानं म्हणाली, "काल रात्री आठलाच झोपले मी. आज सकाळी कंबर दुखलीच नाही. मला वाटलं, मेलेच की काय."

आतून धडपड ऐकू आली. रिकामा पलंग बघून कुशनवाला उशी हातात घेऊन धावत बाहेर आला. बायकोला खुर्चीत, सासूला चहापुढे बघून त्याच्या जिवात जीव आला. काय झालं ते कळल्यावर तो खुश झाला आणि लगेच वाईटही वाटून घेतलं. "पण चढताना अडचण होतेच ना. आजच दुकानातून करवत आणतो आणि तीन बोटं उतरवतो. सारखं केलं की चढणं-उतरणं दोन्ही तुझं तुला जमेल."

"पलंगाला हात लावू नकोस," ताई म्हणाली.

"का?"

"उतरायला मला हीच उंची बरी पडते. माझी मी येते."

"आणि चढायला?"

ताईनं आधी आईकडे बघितलं. आईनं घाईघाईनं कपात तोंड घातलं. मग ताई नवऱ्याकडे वळली.

"चढायला तू लागणारेस," ती म्हणाली. "आणि ते मला आवडतं."